स्टेम सेलवरचा फतवा कसा वाचावा

मी विधी महाविद्यालयात वैद्यकीय कायदा शिकवते. स्टेम सेलचा, म्हणजे शरीरातल्या वेगवेगळ्या पेशी तयार करू शकणाऱ्या मूळ पेशींचा, विषय निघाला की वर्गात कुणीतरी विचारतंच, "मॅडम, इस्लाममध्ये हे चालतं का?" इतक्या मोघम प्रश्नावर फतवा, म्हणजे धर्मशास्त्रातल्या जाणकाराचं मत, मिळत नाही. आधी विचारा, पेशी आणली कुठून? नाळेच्या रक्तातली किंवा अस्थिमज्जेतली असेल तर फारसा वाद नाही. वाद आहे तो भ्रूणाचा, कारण पेशी काढताना तो नष्ट होतो.

तिथे दिवस मोजा. हदीसमध्ये, म्हणजे पैगंबरांच्या वचनांमध्ये, गर्भाचे चाळीस-चाळीस दिवसांचे तीन टप्पे येतात. म्हणून १२० दिवसांनी रूह, म्हणजे आत्मा, येते असं बरेच फकीह (धर्मकायद्याचे जाणकार) मानतात. प्रयोगशाळेतला भ्रूण असतो साधारण पाच दिवसांचा. पण तेवढ्यावरून "१२० दिवसांपर्यंत सगळं माफ" असं उत्तरपत्रिकेत लिहू नका. इराणच्या २०१३च्या दंडसंहितेतलं कलम ७१६ उघडा. गर्भाशयात रुजलेला नुत्फा (गर्भाची पहिली अवस्था) नष्ट झाला तरी पूर्ण दियतीच्या, म्हणजे जीव गेल्याबद्दल द्यायच्या भरपाईच्या, २ टक्के रक्कम द्यावी लागते. गर्भ वाढेल तशी ती ४, ६, ८, १० टक्के होते आणि रूह आल्यावर पूर्ण. मुलगी असेल तर निम्मी. ही ओळ मला आजही खुपते. आता 'गर्भाशयात रुजलेला' याखाली रेघ मारा. काचेच्या बशीतला भ्रूण त्यात बसत नाही. संशोधनाला वाट मिळते ती इथून.

मग फतवा कुणाचा ते पाहा. शिया माणूस आपल्या मरजाचं, म्हणजे तो ज्याच्या मताप्रमाणे वागतो त्या ज्येष्ठ धर्मगुरूचं, ऐकतो. आयतुल्लाह खामेनेईंनी २००२मध्ये परवानगी दिली आणि पुढच्याच वर्षी तेहरानच्या रोयान संस्थेने मानवी भ्रूणाच्या स्टेम सेल तयार केल्या. सुन्नींसाठी मक्केच्या फिक्ह (इस्लामी धर्मकायदा) परिषदेचा डिसेंबर २००३चा ठराव वाचा. टेस्टट्यूब बेबीच्या उपचारातून उरलेले भ्रूण आईवडिलांनी स्वतःहून दिले तर चालतात. पेशींसाठी मुद्दाम भ्रूण बनवायला मात्र मनाई आहे.

स्वतः मरजाला विचारणार असाल, तर नुसतं हलाल की हराम असं विचारू नका. भ्रूण कुणाचा, किती दिवसांचा, संमती कुणाची, उपयोग कशासाठी, सगळं लिहा. उत्तरात 'एहतियाते वाजिब' (बंधनकारक सावधगिरी) असं आलं, तर तेवढ्या मुद्द्यापुरतं ज्ञानात त्यांच्या खालोखाल असलेल्या मरजाचं मत घेता येतं.