आठवणींवर फिल्म करायची असेल तर

मराठवाड्यात चित्रकलेकडून सिनेमाकडे वळू पाहणाऱ्यांना मी आधी अजिंठ्याला पाठवतो. सगळी लेणी एका दिवसात उरकायची नाहीत. सतरा नंबरच्या लेण्यात छद्दंत जातकाच्या चित्रासमोर वेळ काढायचा. जातक म्हणजे बुद्धाच्या आधीच्या जन्माची गोष्ट; ही सहा सुळ्यांच्या हत्तीची. त्याची रुसलेली हत्तीण मनात सल धरून मरते, पुढच्या जन्मी राणी होते आणि त्याचे सुळे आणायला शिकारी पाठवते. शिकाऱ्याच्या हातून ते कापले जात नाहीत, तेव्हा हत्तीच करवत घेऊन कापून देतो. सुळे समोर आल्यावर मात्र राणी दुःखानं प्राण सोडते. आठवण माणसाकडून काय करवून घेते, हे इतक्या रोखठोकपणे सांगणारं चित्र मी दुसरं पाहिलेलं नाही.

तिथं आणखी एक गोष्ट नीट बघा. बऱ्याच भिंतींवर प्रसंग काळाच्या क्रमानं लावलेले नाहीत. राजवाड्यातलं राजवाड्यात, रानातलं रानात.

किल्लारीच्या भूकंपावर काम करताना मला संकलनाची दिशा इथूनच मिळाली. ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट, गणपती विसर्जन करून दमून झोपलेली गावं आणि अंगावर कोसळलेल्या दगडमातीच्या भिंती, माळवदं. हे सांगताना माणसं ‘जुन्या गावात’ आणि ‘नव्या गावात’ अशीच बोलतात. म्हणून मीही फिल्म जागेनुसार जोडली.

जुनी घरं आता कॅमेऱ्यापुढे नाहीत, म्हणून ती कोळशानं काढली. एकाच कागदावर चित्र काढायचं, फोटो घ्यायचा, थोडं पुसायचं, पुन्हा काढायचं. सेकंदाला बारा चित्रं धरली तरी एका मिनिटाला ७२० फोटो लागतात. पुसलेल्या रेषेचा काळपटपणा कागदावर राहतोच, आणि मला तोच हवा होता.

खरी कसोटी मुलाखतीत असते. पहिल्या भेटीत कॅमेरा काढू नका. चहा घ्या, ऐका. नंतर फक्त आवाज रेकॉर्ड करा. एक आजी बोलता बोलता शेजारच्या घराबद्दल असं काही सांगून गेल्या, की फिल्मचा तोच सगळ्यात जबरदस्त क्षण ठरला असता. पण त्या घरातली माणसं आजही त्याच गावात राहतात. आजींना ते पुन्हा ऐकवलं. “राहू दे बाळा,” म्हणाल्या. मी ते काढून टाकलं, आणि आजही मला तेच योग्य वाटतं. तोंडी होकार एकदाच घेऊन भागत नाही. कच्चं संकलन दाखवून पुन्हा विचारायचं. मृतांचे फोटो घरच्यांना विचारल्याशिवाय वापरायचे नाहीत. रडणाऱ्या माणसाला तेच वाक्य दुसऱ्यांदा बोलायला तर कधीच लावायचं नाही.

पैशाचं थोडक्यात सांगतो. अशा कामावर घर चालत नाही. मी चित्रकलेच्या शिकवण्या घेतो, लग्नांचं शूटिंग करतो, त्यातूनच माईक आणि हार्ड डिस्क आली. तुमच्याकडे मोबाइल असेल तर कॅमेऱ्याआधी चांगला माईक घ्या. पहिली फिल्म तीन-चार मिनिटांचीच करा आणि महोत्सवांना पाठवायच्या आधी ज्यांची आठवण आहे त्यांच्या अंगणात दाखवा. मूळ रेकॉर्डिंगची एक प्रत त्यांच्या घरी ठेवा.