तितिकाका सरोवर दोन दिवसांत कसं पाहावं: उरोस, ताकिले आणि सिल्लुस्तानी

पेरूतल्या पुनो गावातून तितिकाका सरोवराची गाइडबरोबरची सहल ठरवणं अगदी सोपं आहे. आदल्या संध्याकाळी हॉटेलात सांगितलं तरी सकाळी गाडी दारात येते. कठीण आहे ते त्या सकाळी डोकं न ठणकता, आदल्या रात्रीचं जेवण पोटात टिकवून, चालण्याच्या अवस्थेत असणं. सरोवराचं पाणी ३,८१२ मीटरवर आहे. लेह शहर साधारण ३,५०० मीटरवर येतं, आणि कळसूबाईवर दुसरी कळसूबाई रचली तरी पुनो त्याच्या पाचशे मीटर वरच राहतं. म्हणून या लेखाचा मोठा भाग बोटीत बसण्याआधीच्या दिवसांबद्दल आहे. उरोस, अमांतानी, ताकिले ही सरोवरातली बेटं आणि काठाजवळचे सिल्लुस्तानीचे दफनमनोरे, हे बाकी सगळं जमून जातं.

व्हिसा आणि मोसम

भारतीय पासपोर्टवर अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, ऑस्ट्रेलिया किंवा शेंगेनचा किमान सहा महिने वैध व्हिसा असेल, तर पर्यटनासाठी पेरूचा वेगळा व्हिसा लागत नाही. तिकीट काढण्याआधी दूतावासाकडून खात्री करून घ्या. मे ते सप्टेंबर कोरडा मोसम असतो. जून-जुलैच्या रात्री पारा शून्याखाली जातो. फेब्रुवारीच्या पहिल्या पंधरवड्यात पुनोत कांदेलारियाचा मोठा उत्सव असतो. तो पाहायचा नसेल तर ते दिवस टाळा, खोल्या मिळत नाहीत.

उंची: इथे घाई करू नका

सर्वांत वाईट सल्ला म्हणजे, ‘राजधानी लिमाहून विमानाने थेट हुलियाकाला उतरा, एक दिवस वाचतो.’ हुलियाका हा पुनोजवळचा विमानतळ, पण तोही ३,८०० मीटरच्या वरच आहे. म्हणजे समुद्रसपाटीवरून दीड-दोन तासांत तुम्ही अशा जागी येता जिथे हवेचा दाब मुंबईतल्या दाबाच्या सुमारे ६४ टक्के असतो. फसगत अशी की उतरल्यावर काहीच होत नाही. विरळ हवेचा त्रास साधारण सहा ते बारा तासांनी सुरू होतो. दुपारी माणूस बाजारात फिरतो, ‘आपल्याला काही झालं नाही’ म्हणून खूश असतो, आणि रात्री दोन वाजता डोकं धरून बसतो. सकाळी सातची बोट सुटते, आणि सहलीचे पैसे परत मिळत नाहीत.

दुसरी गोष्ट त्याहून गंभीर आहे. त्रास वाढला तर एकच खरा उपाय असतो, खाली उतरणं. पुनोतून खाली उतरायला जवळ जागाच नाही. हे सगळं पठार शेकडो किलोमीटर याच उंचीवर पसरलेलं आहे. अरेकिपा शहर २,३३५ मीटरवर आहे, पण तिकडे जायला सहाएक तास लागतात आणि रस्ता आधी ४,४०० मीटरच्या वर चढतो. म्हणून पुनोत येऊन बघू, नाही जमलं तर उतरू, हा बेत इथे चालत नाही.

योग्य क्रम असा. ३,००० मीटरच्या वर गेल्यावर झोपण्याची उंची रोज पाचशे मीटरपेक्षा जास्त वाढवू नये, असा साधा नियम आहे. लिमाहून कुस्कोला उतरा, पण त्या रात्री कुस्कोत (३,४०० मीटर) राहू नका. विमानतळावरूनच गाडी करून उरुबांबाच्या खोऱ्यात, म्हणजे २,८०० ते २,९०० मीटरवर, दोन रात्री काढा. माचू पिचू त्याहून खाली, २,४३० मीटरवर आहे, तेही याच दिवसांत उरकतं. मग कुस्कोत दोन रात्री आणि त्यानंतर बसने पुनो. ही बस ला राया खिंडीत ४,३३५ मीटरला जाते, त्याची धास्ती नको. तासाभरासाठी वर जाऊन येणं आणि रात्रभर वर झोपणं यात फार फरक आहे. अरेकिपाकडून येणार असाल तर थेट पुनो गाठू नका. एका दिवसात पंधराशे मीटरची उडी होते. मध्ये कोल्का खोऱ्यात चिवाय (३,६३५ मीटर) इथे मुक्काम करा, पण तीही तेराशे मीटरची उडीच आहे हे लक्षात ठेवा. थोडक्यात, पेरूच्या प्रवासात तितिकाका शेवटी ठेवा. ‘आधी सर्वांत दूरचं’ हा हिशेब इथे उलटा पडतो.

औषधाबद्दल. असिटाझोलामाइड हे खरोखर उपयोगी औषध आहे. प्रतिबंधासाठी मोठ्या माणसांना सहसा १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा देतात आणि चढण्याच्या आदल्या दिवशी सुरू करतात. पण ते आपल्या डॉक्टरांना विचारूनच घ्या, विशेषतः सल्फा औषधांची ॲलर्जी किंवा मूत्रपिंडाचा त्रास असेल तर. बोटांना मुंग्या येतात आणि लघवीला वारंवार जावं लागतं, हे अपेक्षित आहे. बोटीच्या दिवशी हे ध्यानात ठेवा. लहान बोटींवर शौचालय असेलच असं नाही.

एक इशारा खास विदर्भातल्या वाचकांना, आणि तो जवळपास कुणीच देत नाही. सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक आजार असेल तर या उंचीवर जाऊ नका. नुसते वाहक असाल, घरी कधी काही त्रास झाला नसेल, तरीही विरळ हवेत प्लीहेला इजा होण्याचा धोका असतो. डाव्या बरगडीखाली अचानक तीव्र कळ येणं ही त्याची खूण आहे. कुटुंबात सिकलसेल असेल तर तपासणी करून, डॉक्टरांशी बोलूनच तिकीट काढा.

कोकाच्या पानांचा चहा प्या. उबदार असतो, बरं वाटतं. पण तो औषध नाही, आणि त्याच्या भरवशावर एक दिवस वाचवणं म्हणजे दुखणं ओढवून घेणं. नोकरीत अमली पदार्थांची चाचणी होत असेल तर तो पिऊच नका, चाचणी सकारात्मक येऊ शकते. त्याची पाकिटं भेट म्हणून घरी आणू नका. भारतात कोकाचं पान अमली पदार्थांविरुद्धच्या १९८५च्या एनडीपीएस कायद्यात येतं, अमेरिकेतही ते नेता येत नाही. पाणी भरपूर प्या म्हणजे काही होणार नाही, हेही अर्धसत्य आहे. लघवी फिकट राहील इतकं पाणी पुरे. दुकानातल्या ऑक्सिजनच्या छोट्या डब्या काही मिनिटं पुरतात, त्यांवर पैसे घालवू नका. पहिल्या दोन रात्री दारू आणि झोपेची गोळी नको, जेवण हलकं ठेवा.

थोडं डोकं दुखणं, भूक मंदावणं, झोप तुटणं हे चालून जातं. पॅरासिटामॉल घ्या, विश्रांती घ्या, आणखी वर चढू नका. पण बसल्याजागी धाप लागत असेल, खोकल्याबरोबर फेस येत असेल, बोलण्यात गोंधळ होत असेल, तर वेळ घालवू नका. फरशीच्या रेषेवर टाचेला पंजा लावत दहा पावलं चालायला सांगा. माणूस तोल जाऊन बाजूला पडू लागला तर सहल रद्द करून लगेच दवाखाना आणि ऑक्सिजन, मग पहिल्या साधनाने खाली. एकट्याला खोलीत ‘झोप, बरं वाटेल’ म्हणून सोडून बाकीच्यांनी बोटीवर जायचं नाही.

सहल निवडताना

एक दिवसाची उरोस-ताकिले सहल सकाळी सातच्या सुमारास निघून संध्याकाळी पाचपर्यंत परतते. दोन दिवसांच्या सहलीत अमांतानी बेटावर एका घरी मुक्काम असतो. वेळ असेल तर दोन दिवसांचीच घ्या. घाईच्या सहलीत दिवसाचे पाच-सहा तास बोटीतच जातात. विकणाऱ्याला तीन प्रश्न विचारा: बोट संथ की वेगवान, जेवण आणि बेटांचं प्रवेशशुल्क किमतीत आहे का, आणि यजमान कुटुंबाला माणशी किती मिळतात. तिसऱ्यावर आडवळणाचं उत्तर आलं तर दुसरीकडे जा. स्वस्तातल्या सहलीत कपात होते ती यजमानाच्या वाट्यातच. बेटांवर एटीएम नाही, दहा-वीस सोलच्या (सोल हे पेरूचं चलन) सुट्या नोटा न्या.

शाकाहारी असाल तर नुसतं ‘वेहेतारियानो’ म्हणून भागत नाही, समोर मासा येतो. ‘सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो’ असं म्हणा: मांस नको, कोंबडी नको, मासे नकोत. सहल घेतानाच सांगा आणि सकाळी गाइडला पुन्हा सांगा. किनवा नावाच्या धान्याचं सूप मांसाच्या पाण्यात केलेलं नाही ना, हेही विचारा.

उरोस

पुनोच्या धक्क्यापासून अर्ध्या तासावर तोतोरा नावाच्या लव्हाळ्याची तरंगती बेटं आहेत. गाइड बेट कसं बांधतात ते छोट्या नमुन्यावर दाखवतो, तेव्हा फोटो सोडून जवळ बसा. तोतोऱ्याच्या मुळांचा आणि गाळाचा जाड गठ्ठा तळातून सुटून वर येतो, त्याला खिली म्हणतात. करवतीने त्याचे ठोकळे कापतात, खुंट्या मारून दोरांनी एकमेकांना बांधतात, वर कापलेलं लव्हाळं आडवं-उभं अंथरतात आणि बेट वाहून जाऊ नये म्हणून निलगिरीचे वासे तळात रोवून त्यांना बांधतात. खालचं लव्हाळं कुजत राहतं, म्हणून वर नवा थर सतत घालावा लागतो, पावसाळ्यात अधिक वेळा. चूल दगडावर ठेवलेली दिसेल, कारण पायाखालचं सगळं जळाऊ आहे. तोतोऱ्याचा पांढरा कोवळा बुडखा सोलून खायला देतात, जरूर खा.

नंतर भरतकामाच्या वस्तू मांडल्या जातात आणि लव्हाळ्याच्या मोठ्या होडीत फेरीचं आमंत्रण येतं. फेरीचे पैसे वेगळे असतात. ‘सगळा दिखावा आहे’ म्हणून नाक मुरडणारे सल्ले वाचायला मिळतात, ते सोडून द्या. बेट टिकवणं हे रोजचं कष्टाचं काम आहे आणि पाहुण्यांचा पैसा त्याचाच भाग आहे. घ्यायचं असेल तर घ्या, नसेल तर हसून नको म्हणा. मुलांचे फोटो मात्र विचारल्याशिवाय काढू नका.

अमांतानी

पुनोच्या बाजारातून तांदूळ, साखर, तेल, फळं घेऊन जा. गोळ्या-चॉकलेटं नकोत. घरात हीटर नसतो, जाड घोंगड्या असतात. शौचालय बहुधा अंगणापलीकडे, म्हणून डोक्याला लावायची बॅटरी हवी. जेवण सहसा सूप, बटाटे, ओका नावाचा कंद आणि तळलेलं चीज असं असतं, शाकाहाऱ्यांची इथे सोय चांगली होते. संध्याकाळी पाचामामा आणि पाचाताता या टेकड्यांवरच्या देवस्थानांकडे चढतात, ४,१०० मीटरच्या आसपास. डोकं दुखत असेल तर जाऊ नका, अंगणातूनही सूर्यास्त दिसतो.

ताकिले

निघण्याआधी एवढंच ठरवून घ्या की चढायचं कुठून. एका धक्क्यावरून पाचशेहून जास्त दगडी पायऱ्या थेट वर जातात, दुसरीकडून लांब पण सौम्य वाट आहे. सौम्य वाटेने चढा, पायऱ्यांनी उतरा. बहुतेक गाइड असंच नेतात, पण बोटवाल्याच्या सोयीने उलटं होऊ शकतं, म्हणून आधी विचारा. चढताना तोंड बंद ठेवून नाकाने श्वास घेता येईल इतकाच वेग ठेवा. नाक पुरेनासं झालं की थांबा.

ताकिलेची विणकाम-कला युनेस्कोने २००५ मध्ये मानवी वारसा म्हणून गौरवली. इथे सुयांवर विणतात ते पुरुष, चालता-बोलता. संपूर्ण लाल टोपी विवाहिताची, वरचा भाग पांढरा असेल तर अविवाहिताची. बायका मागावर रुंद पट्टे विणतात, त्यांत वर्षभराच्या शेतीची आणि सणांची चित्रं असतात. चौकातल्या सहकारी दुकानात किमती ठरलेल्या असतात, प्रत्येक वस्तूवर विणणाऱ्याची चिठ्ठी असते. तिथे घासाघीस करू नका. एका पट्ट्यामागे कित्येक आठवड्यांची मेहनत असते.

दुपारनंतर सरोवरावर वारा सुटतो आणि परतीची बोट हलते. मळमळ बोटीची असेल तर जमिनीवर पाय ठेवल्यावर ओसरते. तासाभराने ओसरली नाही तर ती उंचीची समजा.

सिल्लुस्तानी

पुनोहून ३४ किलोमीटर, दुपारची अर्ध्या दिवसाची सहल. ही बेटांच्या दिवशी जोडू नका. पुनोत पोहोचल्याच्या दुसऱ्या दिवशी घ्या, म्हणजे शरीरालाही एक दिवस मिळतो. उमायो सरोवराकाठच्या टेकाडावर कोया लोकांचे दफनमनोरे आहेत, त्यांना चुल्पा म्हणतात. नंतर इथे साम्राज्य उभारणाऱ्या इंकांच्या काळातही त्यांत भर पडत राहिली. सर्वांत मोठा जवळपास १२ मीटर उंच आहे. दगडात कोरलेला सरडा शोधा, त्याच मनोऱ्यावर आहे. तळाशी निमुळता आणि वर रुंद होत जाणारा आकार एका बाजूने उभं राहून पाहिला की कळतो. दार पूर्वेकडे, जेमतेम रांगत जाण्याएवढं. आत पाय पोटाशी घेऊन बसवलेली शवं आणि त्यांच्यासोबतच्या वस्तू असत, लुटारूंनी बरेच मनोरे फोडले. अर्धवट राहिलेल्या मनोऱ्याला मातीदगडाची उतरंड अजून टेकलेली आहे. दगड वर कसे चढवले हे तिथे डोळ्यांनी दिसतं, गाइड पुढे निघाला तरी तिथे थांबा.

उघडं टेकाड आहे, चारनंतर वारा बोचतो, जाकीट गाडीत ठेवू नका. परतताना बऱ्याच सहली एखाद्या शेतघरी थांबतात. तिथे उकडलेला बटाटा खाण्यायोग्य मातीच्या चटणीत बुडवून देतात. थोडे सोल खिशात असू द्या, घरच्यांना द्यायला.

शेजारच्या बोलिव्हिया देशातले तिवानाकूचे प्राचीन अवशेष याच पठारावर आहेत, पण सीमा ओलांडावी लागते आणि व्हिसा वेगळा. पुनोतून एका दिवसात जाऊन येण्याच्या जाहिराती दिसतील. त्यात सीमेवरची रांग मोजलेली नसते. तिवानाकूची सहल बोलिव्हियातल्या ‘ला पाझ’ शहरातून करा, तिथून ते सुमारे ७० किलोमीटर आहे.