स्क्रू ओढत नसतोय

कोल्हापुरात राजारामपुरीतल्या एका हॉलमध्ये मी बसवलेला गोल पॅनल लाइट आठव्या दिवशी सुटला आणि वायरला लोंबत राहिला. सकाळी सातला काकींचा फोन. "तुझा दिवा खाली आलाय बघ. मी रोज त्याच्याच खाली बसून चहा पितो की रे!"

आयटीआयचं सर्टिफिकेट मिळून तेव्हा आठ महिने झाले होते. बॅचमधले बरेच जण शिरोली एमआयडीसीत चिकटले, मी एका वायरमनच्या हाताखाली लागलो. त्यांना मी वस्ताद म्हणतो. तालमीतले नव्हेत, पण शब्द तसेच लागायचे.

फेज-न्यूट्रल, लूप, टेस्टर हे तुम्हाला येतं असं धरतो. एकच गोष्ट तरी सांगतो, कारण जुन्या पेठांतल्या घरांत अजून सापडते: बटण फेजच्या वायरीऐवजी न्यूट्रलवर असतं. बटण बंद केलं तरी होल्डरवर फेज, म्हणजे करंट, जिवंत. मेन पाडा, मग वर चढा. यात शहाणपणा नको.

आता माझी चूक. स्लॅबमध्ये पुरलेला वायरींचा बॉक्स प्लास्टरच्या खाली तीन-चार मिलिमीटर डोकावत होता. मी त्यावरच लाइटची पत्री पट्टी धरली आणि दोन स्क्रू मारले. एक बाजू टेकली, दुसरी अधांतरी. त्यात ड्रायव्हर (लाइटला वीज पुरवणारी छोटी डबी) आणि कनेक्टरचा गुंता पट्टी आणि छताच्या मध्ये कोंबलेला. फट दिसली की हात आपोआप स्क्रूकडे जातो. मी पिळत गेलो. पट्टी वाकली, फट मिटली, लाइट छताला चिकटला. काकी म्हणाल्या, "झ्याक बसलाय." मलाही तसंच वाटलं.

पण वाकलेली पट्टी म्हणजे स्प्रिंग. ती रात्रंदिवस गिट्टीला, म्हणजे स्क्रू धरायला भोकात ठोकलेल्या प्लास्टिकच्या नळीला, खाली ओढत असते. लाइटचं वजन अर्धा किलोही नसतं, वजनानं काही पडत नाही. पाडतो तो हा ताण. वस्तादांनी ती पट्टी हातात घेतली, टेबलावर ठेवली, बोटानं टकटक हलवून दाखवली आणि म्हणाले, "स्क्रू ओढत नसतोय रं, धरतोय."

म्हणून ड्रिल हातात घेण्याआधी नुसती पट्टी छताला धरा आणि एका टोकाला बोट दाबा. डुलली की थांबा. का डुलते ते शोधा. बॉक्सची कड बाहेर असेल तर ब्लेडनं किंवा कानशीनं खाली घ्या. छतच उंचसखल असेल तर अधांतरी बाजूच्या भोकाखाली वॉशर द्या, एक नाही पुरला तर दोन. स्क्रू लागायच्या आधीच पट्टी सपाट टेकली पाहिजे. वायरी जेमतेम वीतभर ठेवा, चेंडू करू नका, नागमोडी घडी घालून बॉक्समध्ये वर ढकला. कनेक्टरही वरच. ड्रायव्हर बॉक्समध्ये मावत नसेल तर पट्टी जिथे टेकते तिथे तरी येऊ देऊ नका. मग दोन्ही स्क्रू आळीपाळीनं, अर्धा-अर्धा फेरा. एक पूर्ण आवळून दुसऱ्याकडे गेलात की पट्टी परत तिरकी.

त्या दिवशी दुसरंही पाप झालं होतं. छताचं प्लास्टर पातळ असतं असं आपण धरून चालतो, पण स्लॅबच्या पोटात खड्डा असला की गवंडी तिथे 15-20 मिमीसुद्धा भरतो. माझी 30 मिमीची गिट्टी निम्म्याहून जास्त प्लास्टरमध्येच होती. भोक पाडताना हाताला कळतं: बिट आधी लोण्यासारखं जातं, मग एकदम अडतं आणि आवाज बदलतो. काँक्रीट तिथून पुढं. 6 मिमीच्या बिटला 40 मिमीवर टेप गुंडाळतो मी. प्लास्टर जाड निघालं तर भोक आणखी खोल करून गिट्टी खिळ्यानं आत सारतो, आणि 35 बाय 8 (35 मिमी लांब, 8 नंबर जाडीचा) ऐवजी 50 बाय 8 चा स्क्रू घेतो. सळई लागली तर जोर करू नका, बोटभर सरका, पट्टीला लांब खाच त्यासाठीच असते. बॉक्सपासून बटणाच्या भिंतीकडे जाणाऱ्या रेषेत मात्र भोक नको, वायरींचा पाइप बहुतेक तिथूनच गेलेला असतो.

जिप्समच्या सीलिंगमध्ये गिट्टी धरतच नाही. बोर्ड साधारण साडेबारा मिलिमीटरचा, गिट्टी फुगून धरायला तेवढी जाडीच नाही. चुंबक फिरवून बोर्डामागची पत्र्याची चॅनेल शोधा, नाहीतर बोर्डामागे पंख उघडून धरणारा फुलपाखरू अँकर वापरा. झुंबर असेल तर थेट स्लॅबच्या हुकातून.

डबल टेपनं लाइट चिकटवणाऱ्याला मी वायरमन म्हणत नाही. राग आला तर येऊ दे. आणि परदेशी व्हिडिओ बघून छत शिकू नका. त्यांच्या बऱ्याच बॉक्सना लाइट धरायला आटे असतात, आपल्याकडच्या बॉक्समध्ये बहुतेक असलाच तर फॅनचा हुक.

वस्तादांनी मला चार महिने नुसती शिडी धरायला लावली होती. लोक म्हणतात त्यातूनच माणूस घडतो. माझं मत, दोन महिने पुरले असते. पण खाली उभं राहून मी एक शिकलो: लाइट सपाट बसलाय की नाही हे शिडीवरून कळत नाही. खाली उतरा, भिंतीला पाठ लावा, कडेनं सावली सारखी दिसते का बघा. सुरुवातीला मान मोडते, हात भरून येतात, डोळ्यांत चुरा जातो. चष्मा घाला. पहिले दहा-बारा लाइट वाकडेच जातील, सगळ्यांचे गेलेत, पुढं हाताला वळण लागतं. फक्त वाकडा चालेल, सैल नको.

काकींकडचा लाइट मी दुसऱ्या दिवशी नव्या भोकांवर बसवला, पैसे घेतले नाहीत. त्याला आता तीन वर्षं झाली. परवा फॅनचा रेग्युलेटर बदलायला गेलो तर चहा मिळाला. काकींची खुर्ची अजून खिडकीपाशीच आहे, लाइटपासून चार हात लांब.