रेडिओ-कॉम्प्युटर इंटरफेस पहिल्यांदा बनवताय? आधी ग्राउंड तपासा

हॅम रेडिओचं लायसन्स आणि कॉलसाइन हातात आले की बहुतेकांना सगळ्यात आधी एफटी८, म्हणजे कॉम्प्युटरच्या मदतीने चालणारा डिजिटल मोड, करून बघायचं असतं. बरोबरच आहे. २०१७ मध्ये जो टेलर आणि स्टीव्ह फ्रँके यांनी हा मोड आणल्यापासून फ्लॅटच्या गॅलरीतल्या साध्या तारेवरही परदेशी स्टेशनं लागतात. पण रेडिओ सेटमध्ये आतच साउंड कार्ड नसेल तर कॉम्प्युटर आणि सेट जोडणारा इंटरफेस मध्ये हवा. तो नीट जमला नाही तर एफटी८च्या १४.०७४ मेगाहर्ट्झवर तुमच्या फाटक्या सिग्नलचा त्रास सगळ्यांना होतो.

सर्किटला घाबरू नका. येणाऱ्या आवाजाला ६००:६०० ओहमचा एक ट्रान्सफॉर्मर, जाणाऱ्याला दुसरा, आणि पीटीटीला (सेट ट्रान्समिटला नेणाऱ्या लाइनला) ४एन३५ सारखा ऑप्टोकपलर, म्हणजे तारेऐवजी प्रकाशातून सिग्नल पुढे देणारा भाग, बस. ट्रान्सफॉर्मर लॅमिंग्टन रोडला शोधा, नाहीतर भंगारातल्या डायल-अप मोडेमचा काढा, छान चालतो. कॉम्प्युटरचा लाइन आउट एक व्होल्टच्या आसपास असतो आणि माइकला लागतात काही मिलिव्होल्ट. म्हणून मध्ये १० किलोओहम आणि १०० ओहमच्या रेझिस्टरचा, सिग्नल उतरवणारा अटेन्युएटर टाकायचा. सेटला मागे डेटा जॅक असेल तर तोच घ्या, तिथे सिग्नल इतका उतरवावा लागत नाही.

आता मी जिथे सगळ्यात जास्त अडकले, ते सांगते.

डेस्कटॉपचं अर्थिंग तीन पिनांच्या प्लगमधून येतं, रेडिओच्या पॉवर सप्लायचंही तिथूनच. म्हणजे दोघं एका बाजूने आधीच जोडलेले असतात. ऑडिओ केबलच्या शील्डने ते दुसऱ्या बाजूने जोडले की वेटोळं पूर्ण होतं आणि ५० हर्ट्झचा हम सुरू. ट्रान्सफॉर्मर हे वेटोळं तोडण्यासाठी असतो. कागदावर तो तोडतोही. पण ॲल्युमिनियमच्या डबीला ३.५ मिमीचे दोन जॅक नटाने आवळा आणि बघा. धातूच्या जॅकची आटेदार मान आतून स्लीव्हला, म्हणजे जॅकच्या ग्राउंडच्या टोकाला, जोडलेली असते. मान पत्र्याला टेकते आणि पत्र्यातून दोन्ही ग्राउंड पुन्हा एक होतात. ट्रान्सफॉर्मर असून नसल्यासारखा. सर्किट शंभर वेळा तपासलं तरी चूक सापडत नाही, कारण चूक सर्किटमध्ये नसतेच.

म्हणून सगळ्या केबल काढा आणि मल्टिमीटर कंटिन्युइटीवर ठेवा. एक प्रोब कॉम्प्युटरकडच्या जॅकच्या स्लीव्हवर, दुसरा रेडिओकडच्या. बीप वाजता कामा नये. वाजला तर प्लॅस्टिकची डबी घ्या किंवा जॅकखाली इन्सुलेटिंग वॉशर घाला. मग भिंतीतले सगळे प्लग काढून, केबल जोडून पुन्हा बघा. आता वाजला तर बहुधा कॅट केबल (कॉम्प्युटरवरून सेट नियंत्रित करणारी) गुन्हेगार आहे, कारण यूएसबीचं ग्राउंड ती थेट सेटपर्यंत नेते. तिला यूएसबी आयसोलेटर लावा. पीटीटीच्या ऑप्टोकपलरचा एमिटरही रेडिओच्याच ग्राउंडला जायला हवा, कॉम्प्युटरच्या नाही. लॅपटॉप असेल तर चार्जर काढून ऐका. हम गेला की रोग ग्राउंडचाच.

‘सरळ वायर जोड, माझं तर चालतंय’ असं सांगणारे जुने ओएम (हॅम मंडळी एकमेकांना असंच म्हणतात) भेटतील. त्यांचं चालतही असेल, पण त्यांचा अँटेना आणि त्यांचं अर्थिंग तुमच्याकडे नाही. मला विचाराल तर मीटर घेऊन तासभर तुमच्या शेजारी बसेल तोच खरा गुरू, मग त्याला लायसन्स मिळून वर्षच झालेलं असो. पीटीटीऐवजी व्हॉक्सचा, म्हणजे आवाज आला की सेट आपोआप ट्रान्समिटला जाण्याचा, शॉर्टकट मला अजिबात पटत नाही. विंडोजचा एखादा ‘टिंग’ सरळ हवेत जातो.

आणखी एक. पीटीटी चालवायला सीपी२१०२ सारखं यूएसबी-सिरियल टीटीएल मॉड्यूल घेतलंत, तर त्याची आरटीएस ही कंट्रोल लाइन निवांत असताना हाय असते. ऑप्टोकपलरचा एलईडी आरटीएस आणि ग्राउंडमध्ये लावलात तर सेट आपोआप ट्रान्समिटला जाऊन बसेल. तो एलईडी रेझिस्टरसह मॉड्यूलच्या प्लस सप्लाय आणि आरटीएसमध्ये लावा. कॉम्प्युटर सुरू होताना ही लाइन क्षणभर हलू शकते, म्हणून सेट नेहमी नंतर चालू करा.

पहिली चाचणी डमी लोडवरच, म्हणजे अँटेनाऐवजी लावायच्या रेझिस्टरवर. सेटवरचा एएलसीचा (ऑडिओ जास्त झाल्याचं दाखवणारा) काटा हलू लागला की ऑडिओ थोडा मागे घ्या. एफटी८ मध्ये १५ सेकंदांपैकी १२.६४ सेकंद सलग कॅरियर जातो, त्यामुळे १०० वॉटचा सेट ३०-४० वॉटवर ठेवा. हे जमलं की पहिला सीक्यू, म्हणजे कोणत्याही स्टेशनला घातलेली साद, टाकायला हरकत नाही.