सलाईनचे थेंब मोजताना या चुका टाळा

नाशिकच्या एका रुग्णालयात रात्रपाळीला असताना हँडओव्हरच्या (पाळी बदलतानाच्या) वहीत मला एवढीच नोंद मिळाली होती : 'सलाईन चालू, ४४ थेंब'. बाळ १२ किलोचे होते. पहिल्या १० किलोंना दर किलोमागे ताशी ४ मिली आणि पुढच्या २ किलोंना दर किलोमागे ताशी २ मिली, असे मिळून ताशी ४४ मिली, हा हिशेब बिनचूक होता. मात्र मिनिटाला ४४ थेंब हा आकडा मायक्रो सेटसाठी, म्हणजे बारीक थेंबांच्या सलाईनच्या नळीसाठी होता आणि संध्याकाळी मायक्रो सेट संपल्यामुळे साधा सेट लावला गेला होता. मायक्रो सेटचे ६० थेंब म्हणजे १ मिली, तर आपल्याकडच्या बहुतेक साध्या सेटचे २० थेंब म्हणजे १ मिली. त्यामुळे त्या बाळाला ताशी ४४ नव्हे, १३२ मिली जात होते. वेळीच लक्षात आले म्हणून निभावले.

सेटच्या पाकिटावर थेंबांचा आकडा छापलेला असतो, पण पाकीट कचऱ्यात गेले की सगळे अंदाजावर चालते. काही सेट १५ थेंबांचेही असतात. म्हणून आकडा पाहिल्याशिवाय पाकीट टाकू नये आणि नोंद करताना ताशी मिली, सेटचा प्रकार व मिनिटाचे थेंब ही तिन्ही लिहावीत.

सूत्र सर्वांना पाठ असते : एकूण मिलीला सेटच्या थेंबांनी गुणावे आणि एकूण मिनिटांनी भागावे. चूक होते ती तासांची मिनिटे करायला विसरल्यामुळे. ५०० मिली ४ तासांत द्यायचे असल्यास २४० ने भागावे; २० च्या सेटवर ४२ थेंब येतात. पडताळा सोपा आहे : मायक्रो सेटवर ताशी मिली तेवढेच थेंब, २० च्या सेटवर त्याच्या एक तृतीयांश.

१५ सेकंद मोजून चारने गुणण्याची सवय सोडावी, कारण एक थेंब चुकला तर मिनिटाला चार चुकतात आणि साध्या सेटवर ताशी १२ मिलीचा फरक पडतो.

एकदा लावलेला वेग तसाच टिकतो, हाही गैरसमजच. पेठहून सावळघाटातून आलेल्या रुग्णाचा हात रुग्णवाहिकेत कुठे होता, बाटली किती उंचीवर होती, नळीवरचा वेग कमी-जास्त करणारा रोलर किती सरकला, यावर वेग बदलतो. तेव्हा खाटेवर घेताच पुन्हा पूर्ण मिनिट मोजावे. नातेवाईकही 'लवकर संपू दे' म्हणून रोलर फिरवतात. त्यांना रागावण्यापेक्षा, जास्त पाणी गेले तर ते फुप्फुसात साचू शकते, हे सांगितलेले अधिक उपयोगी पडते.

सलाईन मागे पडली की रोलर मोकळा सोडून वेळ भरून काढणे ही मला सर्वांत धोकादायक सवय वाटते. वरच्याच ५०० मिलीच्या उदाहरणात दोन तासांनी ३५० मिली उरले असतील, तर उरलेल्या वेळेत संपवायला ५८ थेंब लागतील. हा वेग वृद्ध किंवा हृदयरोगी रुग्णाला झेपेल का, हे डॉक्टरांना विचारल्याशिवाय ठरवू नये.

बाटलीत पोटॅशियम असल्यास तर मुळीच नाही. पोटॅशियम क्लोराइडच्या १५ टक्क्यांच्या १० मिली अँप्युलमध्ये २० मिलिइक्विव्हॅलंट (पोटॅशियम मोजण्याचे एकक) असतात. ती ५०० मिलीत नीट मिसळून ताशी १२५ मिली दिल्यास तासाला ५ जातात. सेटची गल्लत होऊन वेग तिप्पट झाला तर १५, आणि वॉर्डात हाताच्या शिरेतून देताना सर्वसाधारण मर्यादा १० चीच धरतात.