डॉक्युमेंटरीच्या एडिटला बसायचंय त्यांच्यासाठी

फिक्शन फिल्मच्या एडिटरला सीन, शॉट, टेक सगळं क्लॅपवर लिहून मिळतं. डॉक्युमेंटरीत मिळतात दोन-चार हार्ड डिस्क. त्यात शंभर-दीडशे तासांचं फुटेज, दोन-तीन वेगवेगळे कॅमेरे, मधेच कुणीतरी मोबाईलवर घेतलेलं काहीतरी, आणि डायरेक्टर म्हणतो फिल्म यातच कुठेतरी आहे. त्यातून सत्तर-ऐंशी मिनिटं काढायची. मला हे काम मनापासून आवडतं, त्यामुळे थोडं लांबलं तर चालवून घ्या.

सुरुवात असिस्टंट म्हणूनच होते आणि व्हावीच. सॉफ्टवेअर कोणतं शिकू असं सगळेच विचारतात. कुठलंही शिका, ॲव्हिड, प्रीमियर, घरी सरावाला दाविंची रिझॉल्व्हची फुकटातली आवृत्ती भरपूर झाली, हात बसायला फार वेळ लागत नाही. खरं काम वेगळंच आहे. फुटेज आलं की आधी वेगवेगळ्या ड्राइव्हवर कॉप्या, शक्यतो एक ड्राइव्ह दुसऱ्याच जागी ठेवायचा, आणि कॉपी करताना नुसतं ड्रॅग नाही, चेकसम तपासणाऱ्या, म्हणजे कॉपी मूळ फाइलशी तंतोतंत जुळते का ते बघणाऱ्या सॉफ्टवेअरने, कारण गावातला मोर्चा परत शूट होत नसतो. मग प्रॉक्सी, म्हणजे एडिटला वापरायच्या हलक्या फाइली, मग साउंड सिंक, म्हणजे वेगळा रेकॉर्ड केलेला आवाज चित्राशी जुळवणं, मग लॉगिंग, म्हणजे कुठल्या शॉटमध्ये काय आहे त्याची नोंद.

लॉगिंगला लोक कंटाळतात, पण एडिटर तिथेच घडतो असं माझं ठाम मत आहे. 'बाई, स्वयंपाकघर, इंटरव्ह्यू' असं लिहिलंत तर पुढे त्याचा कुणालाच उपयोग नाही. 'मुलीचं शिक्षण निघालं तशी बोलायची थांबली, भाकरी तव्यावर तशीच' असं टाइमकोडसकट, म्हणजे फुटेजमधल्या नेमक्या वेळेसकट लिहिलंत की चार महिन्यांनी डायरेक्टर अडून बसतो तेव्हा ती जागा तुम्ही लगेच काढून देता, आणि मग कटच्या चर्चेत तुम्हालाही बसवून घेतात. ट्रान्सक्रिप्ट आता मशीन करून देतं हे खरं, पण दोन माणसं एकदम बोलायला लागली, किंवा समोरचा अहिराणी नाहीतर मालवणी बोलत असला की त्याचा पार गोंधळ उडतो. तुम्हाला एखादी बोली येत असेल तर बायोडेटामध्ये सॉफ्टवेअरच्या आधी ती लिहा.

आता कटबद्दल. ऊसतोड कामगारांवरच्या एका फिल्मवर मी होते. कोपीसमोर, म्हणजे त्यांच्या झोपडीसमोर बसलेल्या बाईला विचारलंय, यंदा उचल, म्हणजे कामाआधीचे आगाऊ पैसे, किती घेतली. कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी, उचल जोडीच्या नावावर. ती एक आकडा सांगते, मग फ्रेमबाहेर बघते, तिथे नवरा उभा आहे, आणि मग दुसराच आकडा सांगते. फक्त दुसरा आकडा ठेवला तर माहिती मिळते आणि सीन पुढे जातो. दोन्ही आकडे आणि मधली ती नजर ठेवली तर अख्खं घर दिसतं. मी ठेवलं. पण फिल्म त्यांच्याच गावात दाखवली जाणार होती, नंतर तिला घरी कुणी काही बोललं तर? म्हणून डायरेक्टरने तेवढा तुकडा आधी तिलाच नेऊन दाखवला, ती हो म्हणाली, तेव्हाच तो फायनल कटमध्ये राहिला. कुठे कापायचं, कापल्यावर त्या माणसाचं काय होणार, हा विचार याच कामाचा भाग आहे. एका प्रश्नाचं उत्तर दुसऱ्या प्रश्नाला जोडणं, वाक्यातला 'पण' काढून टाकणं, हे टाइमलाइनवर इतकं सहज जमतं की स्वतःला सतत विचारत राहावं लागतं, हा माणूस खरंच असं म्हणाला का.

टेक्निकलमधलं एकच सांगते, फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम, तो पहिल्याच दिवशी ठरवून घ्या. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे बरंच शूट २५ फ्रेमवर होतं, त्यात कुणीतरी २४ वर घेतलेलं मिसळलं की पिक्चर लॉकनंतर, म्हणजे कट पक्का झाल्यावर, साउंडवाल्यांना एएएफ आणि कलरवाल्यांना एक्सएमएल या टाइमलाइनच्या फाइली देताना सगळं निस्तरत बसावं लागतं.

शिकायला पुण्याची एफटीआयआय ही फिल्म इन्स्टिट्यूट आहे, १९६० मध्ये सुरू झालेली, एडिटिंगचा तीन वर्षांचा कोर्स आहे, कोलकात्याची सत्यजित राय इन्स्टिट्यूट आहे. पण प्रवेश नाही मिळाला म्हणून अडून राहू नका, एखाद्या चालू एडिटरकडे असिस्ट करत करतही लोक शिकलेत. आणि फिल्म बघा हो, भरपूर बघा. मुंबईचा मिफ्फ हा डॉक्युमेंटरी फिल्मचा फेस्टिव्हल १९९० पासून दर दोन वर्षांनी भरतो, तिथे दिवसभर बसा. १९४८ मध्ये सुरू झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचं, म्हणजे डॉक्युमेंटरी बनवणाऱ्या सरकारी संस्थेचं, काम २०२२ पासून एनएफडीसी या सरकारी फिल्म महामंडळाकडे आहे, त्यांच्या जुन्या फिल्म आवाज बंद करून बघा, कट कुठे पडतो ते कळायला लागतं.

पैशांचं स्पष्टच बोलते. नुसत्या डॉक्युमेंटरीवर सुरुवातीला घर चालत नाही. कॉर्पोरेट फिल्म, जाहिराती, ओटीटीच्या सीरिज हे बहुतेक जण जोडीला करतात आणि त्यात कमीपणा काहीच नाही. मात्र डॉक्युमेंटरी घेताना अख्ख्या फिल्मचा एकरकमी आकडा घेऊ नका, आठवड्याचा किंवा महिन्याचा दर ठरवा, कारण डायरेक्टर पुन्हा शूटला जातो, फंड अडकतो, फेस्टिव्हलसाठी छोटं व्हर्जन लागतं आणि काम वाढतच जातं. लॉकनंतरच्या बदलांचे पैसे वेगळे. क्रेडिट नेमकं काय आणि कुठे येणार, तेही कामाला बसायच्या आधीच मेलवर लिहून घ्या.