काल्पनिक लढाई लिहायची तर आधी धान्य मोजा

अद्भुत कथेतली लढाई फसते ती बहुधा तलवारबाजीच्या वर्णनात नव्हे, हिशोबात. जादू कितीही अचाट असली तरी वाचक ती मानतो. पण दहा हजारांचे सैन्य एका रात्रीत घाट उतरून सकाळी ताजेतवाने लढायला उभे राहिले, की त्याचा विश्वास उडतो. म्हणून पहिला मसुदा लिहिण्याआधी एक कोरा कागद घ्या आणि आकडेमोड करा.

उदाहरणासाठी दोन सत्ता कल्पू. घाटमाथ्यावरची काळदरी आणि खाडीच्या मुखावरची शिंपले. काळदरीकडे अग्नीची विद्या आहे, शिंपल्यांकडे धुक्याची. काळदरी 10,000 पायदळ आणि 2,000 घोडदळ घेऊन खाली उतरणार आहे. त्यांच्या मागे मोतद्दार, स्वयंपाकी, लोहार, बैल हाकणारे असे 6,000 बुणगे धरा. ही माणसे गाळू नका; तीच सैन्याची चाल ठरवतात.

माणशी रोज पाऊण किलो धान्य धरले तर 18,000 तोंडांना साडेतेरा टन लागते. घोड्याला रोज चार किलो दाणा म्हणजे आणखी आठ टन. वैरण वाटेत मिळेल असे समजू, पाण्याचे मात्र तसे समजू नका. घोडा दिवसाला 30 लिटर सहज पितो, म्हणजे रोज 60,000 लिटर. मुक्काम पाणवठ्यावरच पडणार आणि शत्रूला ते ठाऊक असणार. दाणागोटा झाला साडेएकवीस टन. बैल पाठीवर साधारण क्विंटलभर नेतो, म्हणजे दिवसाला 215 बैल आणि दहा दिवसांच्या मोहिमेला 2,150.

आता हे सगळे घाटवाटेवर ठेवून पाहा. पायदळ चारच्या ओळीत, दोन ओळींत दोन मीटर अंतर ठेवून चालले तर रांग पाच किलोमीटर होते. घोडदळ दोन-दोनच्या जोडीने चार किलोमीटर. बैल एकामागे एक म्हटले तर साडेसहा. एकूण साडेपंधरा. असल्या लवाजम्याची दिवसाची मजलही तेवढीच असते! म्हणजे आघाडी मुक्कामाला पोचते तेव्हा पिछाडी जुन्या मुक्कामावरून हलत असते. छापा घालायची जागा शोधत बसावे लागत नाही. नाळेच्या, म्हणजे डोंगरातल्या अरुंद घळीच्या, तोंडाशी बैलांची रांग चिंचोळी होते, तिथे शिंपल्यांचे दोनशे लोक पुरे. पानिपतावर 14 जानेवारी 1761 च्या लढाईआधी मराठ्यांची रसद तुटली होती आणि छावणीत उपासमार चालू होती, हे आपल्याकडच्या वाचकाला सांगावे लागत नाही.

जादूही याच कागदावर मांडा. ती किती अंतरावर चालते, तयारीला किती वेळ लागतो, करणाऱ्याचे काय खर्ची पडते आणि तिला काय अडवते, या चार प्रश्नांची उत्तरे पहिल्या प्रकरणाआधी ठरलेली हवीत. आगीला वारा लागतो. किनाऱ्यावर दिवसा वारा समुद्राकडून जमिनीकडे येतो, रात्री उलट. काळदरीने दुपारी आग पेटवली तर ती त्यांच्याच अंगावर येईल. त्यांना पहाटच हवी. पण धुके टिकते तेही पहाटेच, आणि ओलसर हवेत तातीच्या प्रत्यंचा सैलावतात, शिंपल्यांच्या धनुर्धरांच्यासुद्धा. दोन्ही विद्या एकाच वेळेवर येऊन भिडल्या, की लढाईचा पेच आपोआप तयार होतो. तो वरून चिकटवावा लागत नाही.

त्यात खाडी ओलांडायची आहे. कोकणात तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ काढतात: अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकराच्या सुमारास. ओहोटी त्यानंतर साधारण सहा तासांनी. म्हणजे पहाटे उतार, म्हणजे पायी ओलांडण्याइतके उथळ पाणी, हवा तर काळदरीला अमावास्या किंवा पौर्णिमाच गाठावी लागेल. (तुमच्या जगात दोन चंद्र असतील तर हे गणित नव्याने मांडा, बरेच लेखक दुसरा चंद्र फक्त शोभेला टांगतात.) उतार तीन तास मिळतो असे धरा. चिखलात ताशी दोन किलोमीटर वेगाने पायदळाच्या पाच किलोमीटरच्या रांगेलाच अडीच तास लागतात. घोडदळ मागच्याच काठावर राहणार, नाहीतर पायदळाच्या आधी काढावे लागणार. सेनापतीला इथे निर्णय घ्यायला लावा. त्याचा स्वभाव संवादांपेक्षा या निर्णयात जास्त दिसेल.

प्रत्यक्ष झुंजीला लागाल तेव्हा डोळे कुणाचे, हे पक्के करा. आठ ओळी खोल उभे केलेले 10,000 पायदळ सव्वा किलोमीटर पसरते. त्यातल्या शिपायाला पुढची पाठ, धूळ आणि शिंगांचे आवाज एवढेच कळते. महाभारतात 18 अक्षौहिणींचे युद्ध सांगायला संजयाला दिव्यदृष्टी द्यावी लागली, ती उगाच नाही. तुमच्या निवेदकाकडे ती नसेल तर त्याला एकाच कोपऱ्यात ठेवा आणि बाकीची बातमी जासुदाकडून येऊ द्या, उशिरा आणि अर्धवट. बाण मोजायला विसरू नका. भात्यात 24 बाण आणि मिनिटाला सहा सोडले तर चार मिनिटांत भाता रिता. दौडत येणारा घोडा 200 मीटर वीसेक सेकंदांत कापतो, म्हणजे तेवढ्यात दोनच बाण सुटतात.

शेवटचा माणूस पडेपर्यंत कुणी लढत नाही. फौज मोडते ती बहुधा एखाद्या दृश्याने. 1565 साली तालिकोटच्या लढाईत रामराय पकडला जाऊन मारला गेला आणि विजयनगरची प्रचंड सेना उधळली. कापाकापी खरी तेव्हा सुरू होते, कारण पळणाऱ्याची पाठ उघडी असते आणि ढाल टाकलेली असते. म्हणून जखमी-मृतांचे आकडे दोन्ही बाजूंना सारखे वाटू नका. मोडलेल्या बाजूचे बहुतेक मृत्यू पाठलागात दाखवा. काळदरी साडेसातला मोडली तर मागे खाडी भरू लागलेली असेल आणि घोडदळ पलीकडून नुसते बघत असेल.